मूकपटाचा नायक गल्लीत आणायचा कसा : डग्लस फेअरबँक्सच्या पाच रात्री

पहिल्या वर्षी मी काय घाण केली ते आधी सांगतो, म्हणजे तुमची तेवढी फजिती वाचेल.

आमच्या बेळगावच्या वडगावात, गल्लीतल्या मारुतीच्या मंडपात, मी डग्लस फेअरबँक्स ह्या अमेरिकन नटाचा मूकपट ‘द थीफ ऑफ बगदाद’ लावला. नेटवरून उतरवलेली प्रत, भाड्याचा प्रोजेक्टर, आणि वर कुणीतरी चिकटवलेलं धडामधुडूम संगीत. पडद्यावरची माणसं मुंग्यांसारखी पळत होती. संवादाच्या इंग्रजी पाट्या येत होत्या आणि कुणी वाचायच्या आत जात होत्या. पाचव्या मिनिटाला शेजारच्या आक्का मोठ्यानं म्हणाल्या, “तोंड हलालंय त्याचं, आवाज येईना की. मशीन बिघडलं काय रे?” अर्ध्या तासात मंडपात मी, माझा नातू आणि चुरमुरे खाणारी चार पोरं एवढेच उरलो.

मी चाळीस वर्षं मागावर जॉबर, म्हणजे माग दुरुस्त करणारा, होतो. माग बंद पडला की शिव्या देण्यापेक्षा तो का बंद पडला ते शोधायचं, ही सवय. त्या रात्रीचं खोलून बघितलं तेव्हा कळलं, सिनेमात काही बिघाड नव्हता. दाखवणाऱ्यात होता. गेली काही वर्षं दर हिवाळ्यात आम्ही पाच रात्री करतो आणि आता मंडपात चपला ठेवायला जागा मिळत नाही.

चॅप्लिन का नाही, हा प्रश्न तुम्हालाही विचारतील. चॅप्लिन सगळ्यांनी टीव्हीवर पाहिलाय, हसायचं कुठं ते पाठ आहे. फेअरबँक्स कुणाला माहीत नसतो. आणि त्याची कारकीर्द पाच रात्रींत बसेल अशी आहे : तलवारीचा नायक म्हणून खरा उदय १९२०, मूकपटाचा शेवट १९२९. एक माणूस पडद्यावर नऊ वर्षांत कसा चढला आणि कसा उतरला, हे गल्लीला डोळ्यांनी बघता येतं. एकच सिनेमा दाखवलात तर ते उड्या मारणाऱ्या कुणा गोऱ्याचं चित्र होतं. पाच दाखवलेत की तिसऱ्या रात्रीपासून बायका त्याला नावानं हाक मारतात. आमच्याकडे तो ‘डगलू’ झालाय.

हक्कांचं आधी उरका. अमेरिकेत १९२९ पर्यंत प्रदर्शित झालेल्या चित्रपटांचे हक्क संपलेत, आपल्या कायद्यात चित्रपटाला प्रदर्शनापासून ६० वर्षं. पण प्रत दुरुस्त करून त्यावर अलीकडे जे संगीत बसवलंय, त्याला मालक असतो. म्हणून चार रात्री प्रतीचा आवाज पूर्ण बंद ठेवायचा. तसंही तो बंदच बरा.

पडद्याचं कापड

ह्यात मला कुणी शिकवू नये. ३६ इंची पन्ह्याचे दोन पट्टे जोडले तर बरोबर ६ फूट उंची मिळते, पण शिवण मधोमध येते आणि नायकाच्या नाकावरून जाते. चादरीचं मोठ्या पन्ह्याचं मांजरपाट घ्या, एकसंध. दोनदा धुऊन खळ काढा, नाहीतर ते चकाकतं आणि बाजूला बसलेल्यांना चेहरे दिसत नाहीत. मागं काळं कापड लावा, उजेड पलीकडे गळत नाही. खालच्या दुमडीत बांबू घाला. आमच्या गल्लीत डिसेंबरात संध्याकाळचा वारा सुटला की बिनबांबूचा पडदा शिडासारखा फुगतो.

मूकपटाची चौकट ४ ला ३. म्हणजे ८ फूट रुंद, ६ फूट उंच. आजचे प्रोजेक्टर आपोआप चित्र आडवं ताणतात. सेटिंगमध्ये जाऊन ते ४ : ३ करा. फेअरबँक्स मुळात फार उंच नव्हता. ताणलेल्या चित्रात तो आखाडा सोडून दहा वर्षं झालेल्या पैलवानासारखा दिसतो, आणि मग त्याच्या उड्यांवर कुणाचा विश्वास बसत नाही.

आणि मागाच्या सुट्टीचा वार धरा. आजूबाजूला चार कारखाने खटाखट चालत असताना सिनेमाच्या साथीला आपण वाजवतो ती पेटी ऐकू जात नाही.

वेग

माझ्या मते निम्मे मूकपट इथंच मरतात. तेव्हा कॅमेरा हातानं फिरवायचे. सेकंदाला सोळा, अठरा, वीस, कधी जास्त चौकटी, फिरवणाऱ्याच्या हातावर. बोलपट आला तेव्हा आवाजासाठी वेग २४ वर पक्का झाला. जुनी फिल्म सरळ २४ नं उतरवली की माणसं धावत सुटतात. चांगल्या दुरुस्त प्रतीत हे सुधारलेलं असतं, फुकटच्या प्रतीत बहुधा नसतं.

तपासायचं असं. मारामारीचं दृश्य घेऊ नका. तिथं फेअरबँक्स खरोखरच चपळ आहे, आणि पळापळीला कॅमेरा मुद्दाम थोडा हळू फिरवायची तेव्हा रीतही होती, म्हणजे पडद्यावर ते जलद दिसे. एखादी बाई खोलीतून चालत जातेय, कुणी पेल्यात काही ओततंय, असं दृश्य घ्या. कुठल्याही प्लेअरमध्ये वेग कमी करायची सोय असते. ०.८ वर आणा, म्हणजे साधारण १९ चौकटी. बाईची चाल बाईसारखी दिसायला लागली की थांबा. माग किती पिकांनी, म्हणजे मिनिटाला धोट्याच्या किती फेऱ्यांनी, चाललाय हे मी रस्त्यावरून जाताना ऐकून सांगतो. तसंच हे डोळ्याला दोन-तीन प्रतींनंतर कळायला लागतं.

पाट्या

महिनाभर आधी सुरुवात करा. सिनेमा थांबवत थांबवत प्रत्येक पाटी वहीत उतरवा, आकडा घाला, समोर मराठी लिहा. शाळेतल्यासारखं भाषांतर नको. पहिल्या रात्रीच्या ‘झोरो’मध्ये दिवसा बावळट असल्याचं सोंग घेतलेला नायक दॉन दिएगो रुमालाचे खेळ करून समोरच्याला विचारतो, हा पाहिलात का? पहिल्या वर्षी मी लिहिलं होतं, “आपण हा प्रयोग पूर्वी अवलोकिला आहे काय?” कुणी हसलं नाही. आता शेजारची पीयूसीतली (अकरावी-बारावीतली) पोरगी आळसावलेल्या सुरात म्हणते, “ह्यो बघितलाईसा काय?” आणि तिची मैत्रीण लगेच कन्नडमध्ये, “ई आटा नोडीरेन्री?” दोन्हीकडून हशा येतो. सीमाभागात कुठल्याही फलकावर कुठली भाषा वर आणि कुठली खाली यावरून काय काय होतं ते तुम्हाला सांगायला नको. इथं मी जाहिरातीच्या फलकावर अक्षरंच लिहीत नाही. तलवारीचे तीन फटकारे, इंग्रजी झेड, आणि खाली वार-वेळ.

वाचायचा नियम एकच आणि कडक : पाटी पडद्यावर असेल तोवरच बोलायचं. पाटी गेली की गप्प. पोरींना सांगून ठेवा, चेहऱ्यावर दिसतंय ते सांगायचं नाही. आमच्या एका हौशी मास्तरांनी एक वर्ष वाचन केलं. “पाहा, आता त्याला राग आला!” नंतर त्यांना आम्ही चहाची जबाबदारी दिली.

वाजवणं

पेटी, तबला, झांज पुरे. पण तलवारीच्या झटापटीला हलगी हवी. कुस्तीच्या मैदानात वाजवणारा हलगीवाला मिळाला तर सोनं. दोन पैलवान नुसते हात जोखत फिरत असताना हलगी किती दबकी ठेवायची आणि पट काढल्यावर ती कशी चढवायची, हे त्याच्या मनगटात असतं. आमच्या हलगीवाल्याला मी फक्त एवढं सांगितलं, “मामा, डगलू म्हणजे आपला पैलवान, सार्जंट म्हणजे परगावचा.” तालमीची गरज पडली नाही. एकच अडचण, त्याला सिनेमा आवडायला लागला. ‘झोरो’च्या शेवटच्या पळापळीत तो वाजवायचं विसरून तोंड उघडं टाकून बघत बसला. म्हणून वाजवणाऱ्यांना सिनेमा आधी दोनदा दाखवा, त्यांचं बघून होऊ दे.

पेटीवाल्यांना माझा सल्ला : सिनेमाची गाणी वाजवू नका. ओळखीचं गाणं आलं की लोक मनातल्या मनात शब्द म्हणायला लागतात आणि पडदा सुटतो. भजनाच्या चालींचंही तेच. सूर धरून ठेवा, दृश्य बदललं की बदला. गादीवर प्रेम चाललंय तिथं नुसता भीमपलास घोळवला तरी चालतो.

आता रात्री

दर रात्री सिनेमाच्या आधी पाच मिनिटं उभं राहून बोलायचं. बसलात की वीस होतात. त्या त्या रात्रीपुरतंच सांगायचं.

पहिली रात्र, ‘द मार्क ऑफ झोरो’, १९२०. बोलायचं हे : जन्म १८८३, अमेरिकेतलं डेन्व्हर. खरं आडनाव उलमन. वकील बाप तो लहान असतानाच घर सोडून गेला, आणि आईनं मुलांना आपल्या पहिल्या नवऱ्याचं आडनाव लावलं, फेअरबँक्स. १९०२ मध्ये न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर नाटकात, १९१५ मध्ये सिनेमात, म्हणजे बत्तिशीत. पुढच्या पाच वर्षांत पंचवीसेक सिनेमे, बहुतेक कोट-टायमधले हसरे-खेळकर. १९१९ मध्ये चॅप्लिन, मेरी पिकफर्ड आणि दिग्दर्शक ग्रिफिथ ह्यांच्याबरोबर त्यानं युनायटेड आर्टिस्ट्स ही स्वतःची वितरण कंपनी काढली. दुसऱ्याच्या मागावर मजुरी करायची सोडून स्वतःचा माग घातला, असं मी सांगतो. वडगावात याहून जास्त फोड करावी लागत नाही. १९२० मध्ये पिकफर्डशी लग्न, आणि त्याच वर्षी सदतिसाव्या वर्षी पहिल्यांदा अख्ख्या सिनेमाभर ऐतिहासिक पोशाख चढवून हातात तलवार. तो झोरो.

आधीच्या खेळकर सिनेमांचा एक तुकडा चव म्हणून दाखवायचा तर १९१९ च्या ‘व्हेन द क्लाउड्स रोल बाय’मधलं स्वप्न दाखवा. त्यात तो भिंतीवरून चढत छतावर उलटा चालतो. खोलीच फिरवली होती, कॅमेऱ्यासकट. पोरं तीनदा लावायला लावतात. १९१६ चा ‘द मिस्टरी ऑफ द लीपिंग फिश’ मात्र पोरांसमोर नको. त्यातला गुप्तहेर सारखा कोकेन घेत असतो. विनोद म्हणून केलंय, पण पालक तुम्हालाच विचारतील.

दुसरी रात्र, ‘रॉबिन हूड’, १९२२. इथं मी पाप करतो : पहिला भाग दाखवत नाही. किल्ल्याचा सेट अवाढव्य, चिलखतं जड, आणि रॉबिन हूड म्हणून तो अवतरतो जवळजवळ निम्मा सिनेमा झाल्यावर. तेवढी कथा मी दहा मिनिटांत तोंडी सांगतो. उत्तरार्धात तो सज्ज्यावरून खाली सोडलेल्या भल्यामोठ्या पडद्यावरून घसरत येतो ते नीट बघायला सांगा. पडद्यामागं पोरांच्या बागेत असते तशी घसरगुंडी लपवलेली होती. हे आधी सांगायचं की नंतर, यावर आमच्यात दोन तट आहेत. मी नंतरवाला.

तिसरी रात्र, ‘द थीफ ऑफ बगदाद’, १९२४. अडीच तासांच्या आसपास, म्हणून मध्ये चहा. ज्या वर्षी गांधीजी आपल्या टिळकवाडीत काँग्रेसचे अध्यक्ष होते आणि सुळेभावीत कुमार गंधर्व जन्मले, त्याच वर्षाचा हा सिनेमा, एवढं म्हटलं की म्हातारी माणसं सरसावून बसतात. दिग्दर्शक राउल वॉल्श, देखावे विल्यम कॅमरून मेन्झीसचे. मोठमोठ्या रांजणांतून तो टुणटुण उड्या मारत जातो, त्याला आत लपवलेल्या उसळत्या जाळ्या. उडता गालिचा तारांवर टांगलेला. त्यातला पूर्वदेश अमेरिकनांच्या डोक्यातला आहे आणि मंगोल म्हणजे दुष्ट हे गृहीत धरलंय, ते तेवढंच सांगून मोकळं व्हा.

ह्याच रात्री आपल्या मास्टर विठ्ठलांचं नाव काढायचं. कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत घडलेला माणूस, पुढं मुंबईत शारदा फिल्म कंपनीच्या तलवारीच्या मूकपटांतून नावारूपाला आला. त्यांना हिंदुस्थानचा डग्लस फेअरबँक्स म्हणत. माझे आजोबा उलटं म्हणायचे, फेअरबँक्स म्हणजे अमेरिकेचा विठ्ठल.

चौथी रात्र माझी. ‘द ब्लॅक पायरेट’, १९२६. ही रंगीत आहे, टेक्निकलरच्या दोन रंगांची, लाल आणि हिरवा. नेटवर काळ्या-पांढऱ्या प्रतीच जास्त भेटतात, त्या घेऊ नका, रंगीत शोधा. दोन रंगांच्या दोन पातळ फिल्म पाठीला पाठ चिकटवून एक केलेली असे. दिव्याच्या उष्णतेनं ती वाटीसारखी वाकायची आणि पडद्यावर चित्र पुसट व्हायचं. दोन पदरांचा ताण सारखा नसला की कापड असंच गोळा होतं. हे मी सांगायला लागलो की बायको लांबूनच हात दाखवते, पुरे.

पण शिडाचं सांगितल्याशिवाय मी खाली बसत नाही. नायक डोलकाठीवर चढतो, शिडात सुरी खुपसतो आणि मूठ धरून कापड फाडत सर्रकन खाली येतो. पहिल्यांदा बघितलं तेव्हा मी झोपलो नाही. दुसऱ्या दिवशी माळ्यावर मांजरपाटाचा तुकडा ताणून बांधला, सुरी खुपसली, मुठीला पाच किलोचं वजन अडकवलं. टर्र. सुरी ताण्याच्या दोऱ्यांमधून सरळ रेषेत खाली आली आणि वजन नातवाच्या पायाशी आदळलं. शिडाचं कापड जाड असतं हे खरं, पण एकदा फाटायला लागलेलं कापड माणसाचं ओझं बेतानं खाली उतरवत नाही. मग वाचलं : शीड तिरकं ताणलेलं, कॅमेराही तिरका, कापड आधीच उसवलेलं, आणि सुरी मागच्या बाजूनं भाराच्या दोरीला तोललेली. माझं समाधान झालं. तरी दर वर्षी ते दृश्य आलं की माझा हात पेटीवरून उचलला जातो. तिथं वाजवूच नका काही. नुसतं शांत ठेवा आणि तो खाली पोचला की हलगी.

पाचवी रात्र, ‘द आयर्न मास्क’, १९२९. एकच धोका : ह्या सिनेमाची १९५२ ची आवृत्ती फिरते, तिच्यात पाट्या काढून त्याच्या मुलाच्या आवाजात निवेदन घातलंय. ती नको. मूळ आवृत्तीत बोलण्याचे दोन छोटे तुकडे आहेत. दार्तान्या ह्या तलवारबाज नायकाच्या वेशात तो प्रेक्षकांकडे बघून बोलतो. चार रात्री तुम्ही आवाज बंद ठेवलाय. आज त्या तुकड्यांना तो सोडा. आधी कुणाला सांगू नका. मागच्या वर्षी तो बोलायला लागला तेव्हा आक्का माझ्याकडे वळून म्हणाल्या, “व्हय की गा, आवाज हाय की ह्येला!”

बोलायचं ते या रात्री सिनेमानंतर ठेवा, आणि थोडकं. १९२७ मध्ये ऑस्कर देणारी अकादमी निघाली, तिचा तो पहिला अध्यक्ष, आणि १६ मे १९२९ ला पहिला समारंभ त्यानंच चालवला. त्याच वर्षी पिकफर्डबरोबर बोलपट केला. त्याचा आवाज वाईट होता म्हणून तो संपला, असं कुणी म्हणालं तर खोडून काढा. आवाज चांगला होता. पण पंचेचाळिशी उलटली होती, आणि सुरुवातीचे बोलपट माइकपाशी उभं राहून बोलण्याचे होते. उभं राहणं हे काही त्याचं काम नव्हतं. आपल्या विठ्ठलांना तर १४ मार्च १९३१ ला आलेल्या ‘आलम आरा’त, पहिल्याच बोलपटात, नायकाचं काम मिळालं, आणि उर्दू उच्चार जमेनात म्हणून त्यांच्या तोंडी फार बोलणी ठेवली नव्हती. फेअरबँक्सचा शेवटचा सिनेमा १९३४ चा. पिकफर्डशी १९३६ मध्ये काडीमोड. १२ डिसेंबर १९३९ ला हृदयविकारानं गेला, वय ५६.

‘आयर्न मास्क’च्या शेवटी दार्तान्याच्या पाठीत खंजीर बसतो. तो बाहेर येऊन कोसळतो, आणि आधीच मेलेले तिघे सोबती वरून त्याला हाक मारतात. इथं काय वाजवायचं ते मराठी पेटीवाल्याला सांगावं लागत नाही. भैरवी. फक्त घाई नको, खंजीर बसल्यावर लगेच सुरू करू नका. तो पडेपर्यंत पेटी गप्प, तिघे दिसले की षड्ज धरा.

दिवे लावायला पोरं टपलेली असतात, त्यांना बटणापासून लांब बसवा. प्रोजेक्टर बंद केल्यावर पंखा थांबेपर्यंत वायर ओढू नका. आणि पडदा घडी घालून ठेवू नका. कापडाच्या दुकानात पुठ्ठ्याच्या नळ्या फुकट मिळतात, तिच्यावर गुंडाळा आणि माळ्यावर उभा न ठेवता आडवा ठेवा. घडीची रेघ इस्त्रीनंही जात नाही, आणि पुढच्या डिसेंबरात ती बरोबर डगलूच्या मिशीवर येते.